घरचे सामने घरी खेळा : ॲथलेटिक्सच्या मालकांना आणि विवेक रणदिवे यांना खुले पत्र

प्रति,
श्री. जॉन फिशर, मालक, ॲथलेटिक्स बेसबॉल संघ
आणि
श्री. विवेक रणदिवे, यजमान, सटर हेल्थ पार्क, वेस्ट सॅक्रामेंटो

फोल्सोम, कॅलिफोर्निया
डिसेंबर २०२५

स.न.वि.वि.

२०२६ च्या मोसमाचं वेळापत्रक समोर ठेवून मी नेहमीप्रमाणे पेन्सिल घेऊन बसले. मुलाचे लिटल लीगचे सामने कधी, सांगलीहून सासू-सासरे कधी येणार आणि या सगळ्यात तुमचे होम गेम कुठे बसतात, हे एकदा लावून टाकायचं होतं. मेजर लीगमधल्या, म्हणजे इथल्या सर्वोच्च बेसबॉल स्पर्धेतल्या, प्रत्येक संघाचे १६२ सामने असतात, त्यांतले ८१ घरच्या मैदानावर. कागदावर तुमचेही ८१ आहेत, आणि तुमचं घर सध्या आमच्याजवळचं, वेस्ट सॅक्रामेंटोतलं सटर हेल्थ पार्क. पण जूनमधल्या दोन मालिका, एक मिलवॉकी ब्रूअर्सविरुद्धची आणि दुसरी कोलोरॅडो रॉकीजविरुद्धची, मिळून सहा सामने तुम्ही लास व्हेगासमध्ये खेळणार आहात. इथून गाडीने गेलं तर ते अंतर सुमारे ९०० किलोमीटर पडतं. तरी त्याचं नाव 'होम गेम'.

या सहा सामन्यांनी मला लिहायला बसवलं हे खरं, पण तक्रार तेवढ्यापुरती नाही.

पत्राची इंग्रजी प्रत तुमच्या कार्यालयाकडे पाठवली आहे. मराठीत लिहिते आहे ती फोल्सोम, रोझव्हिल, एल्क ग्रोव्हपासून फ्रीमाँट-सनीव्हेलपर्यंत पसरलेल्या आमच्या मंडळींसाठी. क्रिकेटवर वाढलेली ही माणसं मुलांच्या मागे मागे बेसबॉलकडे आली आणि मग मुलं कंटाळली तरी स्वतः बघत राहिली. पुढच्या मोसमाच्या सीझन तिकिटाचे पैसे भरायचे की नाही, हे बऱ्याच घरांत याच दिवसांत ठरतं आहे.

माझा या संघाशी संबंध तो ओकलंडचा होता तेव्हाचा, आम्ही जवळच्या फ्रीमाँटला राहत होतो तेव्हापासूनचा. नवीन देश, नवीन नोकरी, आणि बार्ट या लोकल गाडीने थेट जाता येईल अशी स्वस्तातली करमणूक म्हणून आम्ही ओकलंडच्या कोलिझियमला जायला लागलो. स्टेशनवरून पूल ओलांडला की समोर तो काँक्रीटचा वाडगा. सुंदर कुणीच म्हटलं नसतं त्याला. सांडपाणी तुंबल्याच्या बातम्या यायच्या, समालोचकांच्या खोलीत पॉसम हा रानटी प्राणी शिरल्याच्या यायच्या. रेडर्सचा फुटबॉल संघ परत यावा म्हणून नव्वदच्या दशकात एक अवाढव्य स्टँड बांधला गेला आणि त्यानं मागच्या टेकड्याच झाकून टाकल्या. पण उजव्या बाजूच्या बाकांवर ढोल वाजायचे, खिशाला परवडतील अशी तिकिटं मिळायची आणि शेजारी बसलेला अनोळखी माणूस आपणहून खेळ समजावून सांगायचा. अशाच एका आजोबांनी मला स्कोअर लिहायला शिकवलं. फलंदाज स्ट्राइकआउट, म्हणजे तीन स्ट्राइक होऊन बाद, झाला की 'के' लिहायचा, आणि बॅट न फिरवता नुसता बघत उभा राहून बाद झाला तर तोच 'के' उलटा. क्रिकेटच्या स्कोअरबुकात या दुसऱ्या प्रकाराला जागाच नाही याचं मला अजून वाईट वाटतं.

त्याच आजोबांकडून १९७२, ७३ आणि ७४ ची लागोपाठची तीन विजेतेपदं कळली, १९८९ चं कळलं. ओकलंडमध्येच लहानाचा मोठा झालेला रिकी हेंडरसन कळला, ज्याने कारकिर्दीत १,४०६ बेस चोरले, म्हणजे फटका बसायची वाट न बघता पळून पुढचा तळ गाठला, आणि ज्याच्या जवळपास आजवर कुणी फिरकलेलं नाही.

फिशर साहेब, त्या मैदानात तुमच्याच संघाचं घोषवाक्य लावलेलं असायचं : आमची मुळं ओकलंडमध्ये आहेत. २०२३ च्या एप्रिलमध्ये बंदरालगतच्या नव्या मैदानाचा विचार सोडून तुम्ही लास व्हेगासची वाट धरलीत. १३ जून २०२३ ला लोकांनी उलटा बहिष्कार केला. म्हणजे मैदान रिकामं ठेवण्याऐवजी भरून दाखवलं. त्या रात्री २७,७५९ प्रेक्षक आले आणि संघ विका म्हणून ओरडत राहिले. त्याच दिवशी तिकडे नेवाडाच्या सिनेटने तुमच्या नव्या मैदानासाठी ३८ कोटी डॉलर सार्वजनिक पैसा देणारं विधेयक मंजूर केलं. नोव्हेंबरमध्ये बाकीच्या मालकांनी एकमताने स्थलांतराला मान्यता दिली. २६ सप्टेंबर २०२४ ला कोलिझियममधला शेवटचा सामना झाला. टेक्सास रेंजर्सविरुद्ध तुम्ही ३-२ असा जिंकलात. प्रेक्षक ४६,८८९. ज्या गावाला या संघात रस उरला नाही असं सांगितलं जात होतं, त्या गावाचा हा आकडा आहे.

आम्ही तोवर नोकरीमुळे फोल्सोमला राहायला आलो होतो. त्यामुळे तुम्ही वेस्ट सॅक्रामेंटोत येणार ही बातमी आली तेव्हा फ्रीमाँटच्या मैत्रिणीला फोन करून नक्की काय बोलावं हे मला सुचेना. तिचा संघ गेला होता, आणि तोच माझ्या घरापासून अर्ध्या तासावर येत होता. तरी आम्ही ठरवलं की आलेल्याचं स्वागत करायचं. निर्णय मालकाचा असतो, त्यात खेळणाऱ्या पोरांचा काय दोष? आणि पोरं खरंच गुणी आहेत. निक कर्ट्झने पहिल्याच वर्षी ह्यूस्टनमध्ये एका सामन्यात चार होमरन मारले आणि एकमताने वर्षातला सर्वोत्तम नवोदित ठरला. असा फलंदाज घराजवळ बघायला मिळणं हे भाग्यच.

म्हणूनच आता जे लिहिते आहे ते दारातून ओरडणाऱ्या माणसाचं नाही, तिकीट काढून आत बसलेल्या बाईचं आहे.

सगळ्यात आधी नाव. ४ एप्रिल २०२४ ला तुम्ही जाहीर केलंत की २०२५ ते २०२७ हे तीन मोसम, आणि गरज पडली तर २०२८ सुद्धा, सटर हेल्थ पार्कमध्ये खेळू. त्याबरोबरच सांगितलंत की संघाच्या नावाला कोणतंही शहर जोडलेलं नसेल. नुसतं 'ॲथलेटिक्स'. मेजर लीगच्या तीस संघांत गावाचं किंवा राज्याचं नाव न लावणारे तुम्ही एकटे. टीव्हीवरच्या धावफलकात बाकीच्यांची शहरं दिसतात आणि आमच्या रांगेत 'एटीएच'. २०२५ च्या जर्सीवर एका बाहीला इथल्या टॉवर ब्रिजचं चित्र असलेला सॅक्रामेंटोचा बिल्ला होता आणि दुसऱ्या बाहीला लास व्हेगासचा. तीन वर्षं एकाच्या घरात राहायचं आणि कुणी पत्ता विचारला की पुढच्या घराचा द्यायचा, तशातला हा प्रकार.

मुक्काम तात्पुरता आहे म्हणून नाव लावलं नाही, हे उत्तर मला पटत नाही. हाच संघ १९०१ ते १९५४ फिलाडेल्फियाचा होता. १९५५ ला कॅन्सस सिटीत गेला, तिथे तेरा मोसम राहिला आणि तेरा मोसम कॅन्सस सिटीचंच नाव लावून खेळला. कॅन्सस सिटीतली ती वर्षं काही फार अभिमानाने सांगण्यासारखी नव्हती, हरण्यातच गेली. तरी नाव होतं. १९६८ पासून २०२४ पर्यंत ओकलंडचं होतं. सव्वाशे वर्षांत पहिल्यांदा या संघाला आपण कुठे राहतो हे सांगायची लाज वाटते आहे, आणि ती आमच्या वाट्याला आली आहे. (मैदान खरं म्हणजे नदीपलीकडे वेस्ट सॅक्रामेंटोत, वेगळ्या काउंटीत आहे, हे मला माहीत आहे. त्यांचं नाव लावलंत तरी आम्ही तक्रार करणार नाही.)

आता उन्हाबद्दल, आणि यावर जरा सविस्तर लिहिणार आहे.

इथे जुलै-ऑगस्टमध्ये पारा ३८ अंशांच्या वर गेला तर ती बातमी होत नाही. हवा कोरडी असते, त्यामुळे सावलीत गेलं की माणूस तगतो. प्रश्न सावलीचाच आहे. सटर हेल्थ पार्क २००० साली ट्रिपल-ए, म्हणजे मेजर लीगच्या एक पायरी खालच्या, दर्जाच्या सामन्यांसाठी उभं राहिलं. जेमतेम चौदा हजार प्रेक्षकांचं, नदीकाठचं, छोटेखानी आणि खरोखर देखणं मैदान आहे. बाहेरच्या बाजूला गवताचा उतार आहे, त्यावर चादर पसरून बसता येतं. पण बहुतेक खुर्च्यांवर छप्पर नाही आणि त्या गवतावर तर नाहीच नाही.

ऊन तुम्हाला कळत नाही असंही नाही. तुम्ही आणि इथला जुना ट्रिपल-ए संघ रिव्हर कॅट्स, असे दोन संघ एकाच मैदानावर खेळणार म्हणून आधी इथे कृत्रिम गवत टाकायचं ठरलं होतं. उन्हात ते किती तापेल याची खेळाडूंना काळजी वाटली आणि नैसर्गिक गवतच ठेवायचा निर्णय झाला. फार चांगलं झालं. तुमचा पिचर लुईस सेवेरिनो याने जूनमध्ये उघडपणे सांगितलं की इथे खेळताना सरावाच्या सामन्यांसारखं वाटतं. कपडे बदलायच्या खोल्या मैदानाच्या पार पलीकडे, डाव्या कुंपणामागे आहेत, त्यामुळे दोन इनिंगच्या मध्ये आत जाऊन थंड होता येत नाही, हेही त्याच्याकडूनच कळलं. खेळाडूंच्या उन्हावर चर्चा झाली, मार्ग निघाला. प्रेक्षकांच्या उन्हावर कुणी बोललं का?

संध्याकाळी सात वाजून पाच मिनिटांनी सुरू होणाऱ्या सामन्यांबद्दल माझी काही तक्रार नाही. सूर्य साडेआठच्या सुमारास मावळतो, म्हणजे पहिला तास-सव्वा तास तोंडावर ऊन असतं. पण मग डेल्टाकडून, म्हणजे नदीच्या त्रिभुज प्रदेशाकडून, गार वारा सुटतो, टॉवर ब्रिजवर दिवे लागतात आणि इतका वेळ टोपीखाली लपलेली माणसं मान वर काढतात. पिच क्लॉक, म्हणजे चेंडू टाकायला वेळेची मर्यादा घालणारं घड्याळ, आल्यापासून सामना तीन तासांच्या आत संपतो, त्यामुळे दुसऱ्या दिवशीची शाळाही बुडत नाही. उन्हाळ्यात इथे बेसबॉल बघायची हीच वेळ.

दुखणं रविवारचं आहे. रविवारी सामना दुपारी एक वाजून पाच मिनिटांनी सुरू होतो. पाहुण्या संघाला संध्याकाळचं विमान गाठायचं असतं, दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावात खेळायचं असतं, हे सगळं समजतं. पण रविवारी दुपारी मैदानात कोण येतं ते एकदा बघा. दहा-बारा वर्षांची मुलं येतात आणि आजी-आजोबा येतात. आमच्याकडे तर आजी-आजोबांचा मोसम आणि बेसबॉलचा मोसम एकच. मराठी घरांतले आई-वडील पुण्या-सांगलीचा उन्हाळा किंवा पावसाळा चुकवून मे ते सप्टेंबर इथे मुलांकडे राहतात. आठवडाभर सगळे कामावर, त्यामुळे त्यांना कुठे न्यायचं तर रविवारी. माझ्या सासऱ्यांनी तरुणपणी तालुक्याच्या क्रिकेट सामन्यांत पंचगिरी केलेली आहे. बेसबॉलचा पंच बाद देताना ज्या आवेशात मूठ उगारतो, ती बघायला ते शिकागोचाही प्रवास करतील. पण पंचाहत्तरीच्या माणसाला मी जुलैच्या रविवारी दुपारी एक वाजता विनाछपराच्या खुर्चीवर तीन तास बसवणार नाही. म्हणून ते सामना घरी टीव्हीवर बघतात. घर मैदानापासून अर्ध्या तासावर.

तिकिटांबद्दल थोडक्यात. खुर्च्या कमी म्हणून भाव जास्त, हे गणित तुम्ही पहिल्या वर्षी मांडून बघितलंत. चौदा हजारांचं मैदान असूनही २०२५ मध्ये सरासरी दहा हजार प्रेक्षकही जमले नाहीत. संपूर्ण मेजर लीगमध्ये सगळ्यात कमी. सॅन फ्रान्सिस्को जायंट्स आले तेव्हा गर्दी झाली, पण स्टँडमध्ये नारिंगी, म्हणजे त्यांचाच, रंग जास्त होता. यावरून सॅक्रामेंटोला बेसबॉल नको असा निष्कर्ष कुणी काढू नये. याच मैदानावर रिव्हर कॅट्सचे सामने वर्षानुवर्षं घरचं कार्य असल्यासारखे साजरे झालेले आहेत, आणि ते तर दुय्यम दर्जाचं क्रिकेट म्हणावं तसं दुय्यम दर्जाचं बेसबॉल. लोक येतात. त्यांना आपण मोजले जातो आहोत असं वाटलं पाहिजे, एवढंच.

रिव्हर कॅट्सचा विषय निघालाच आहे तर : त्यांचे ७५ घरचे सामने आणि तुमचे, मिळून दीडशेच्या वर सामने एकाच गवतावर होतात. दोन वेळापत्रकं सांभाळताना पडतं कोण घेतं, हे मला सांगायला नको. त्यांना कोपऱ्यात ढकलू नका. २०२८ नंतरही ते इथेच असणार आहेत.

आणि आता ते लास व्हेगासचे सहा सामने. तिथल्या माणसांना तुमची ओळख व्हावी, ही इच्छा रास्त आहे. ट्रॉपिकाना हॉटेल पाडून त्या जागेवर ३३ हजारांचं मैदान उभं राहतं आहे, जून २०२५ मध्ये भूमिपूजनही झालं. पण ती ओळख आमच्या ताटातून का? बाहेरच्या गावी खेळायचे ८१ सामने आहेत, मोसमापूर्वीचे सराव सामने आहेत. आणि जून हा इथे सायंकाळी बसायला त्यातल्या त्यात बरा महिना, शाळा नुकत्याच सुटलेल्या. नेमका तोच कापलात.

रणदिवे साहेब, आता थोडं तुमच्याशी.

तुम्ही मुंबईत जन्मलात, तिथून एमआयटीला गेलात, सिलिकॉन व्हॅलीत कंपनी उभी केलीत. तुमचं आडनाव ऐकलं की इथल्या प्रत्येक मराठी पंगतीत कुणीतरी 'आपलेच की' म्हणतं. मी त्या जोरावर काही मागत नाही. मागते आहे ते २०१३ च्या जोरावर. त्या वर्षी सॅक्रामेंटो किंग्ज हा बास्केटबॉल संघ सिएटलला जवळजवळ विकला गेला होता. महापौर केव्हिन जॉन्सन उभे राहिले, गावाने घंटा वाजवून वाजवून कान किटवले आणि शेवटी तुमच्या गटाने तो संघ विकत घेऊन इथेच ठेवला. आज तो जिंकला की डाउनटाउनमधून आकाशात जांभळा प्रकाशझोत सुटतो. संघ जाणार म्हटल्यावर गावाचं काय होतं, हे इथल्या कुणाहीपेक्षा तुम्ही जवळून बघितलं आहे. ओकलंडने बास्केटबॉलचा वॉरियर्स, फुटबॉलचा रेडर्स आणि ॲथलेटिक्स असे तिन्ही संघ पाच-सहा वर्षांत गमावले. वॉरियर्समध्ये तर एकेकाळी तुमचीही भागीदारी होती.

मेजर लीगचा कायमचा संघ सॅक्रामेंटोला मिळावा म्हणून ही तीन वर्षं म्हणजे आमची परीक्षा आहे, असं आम्हाला सांगितलं जातं. परीक्षा द्यायला हरकत नाही. पण परीक्षेचा कागद दुसऱ्याच्या नावाने, दुपारच्या उन्हात आणि सहा पानं फाडून दिलेला असेल तर निकाल आमच्या नावावर लावू नका. मैदान तुमच्याकडचं आहे. यजमानाला पाहुण्याशी दोन शब्द बोलता येतात.

आमच्या मागण्या साध्या आहेत, आणि त्यातल्या बहुतेकांना फारसा पैसा लागत नाही.

इथे असाल तोपर्यंत घरच्या सामन्यात जर्सीच्या छातीवर आणि धावफलकावर सॅक्रामेंटोचं नाव लावा. वेस्ट सॅक्रामेंटो लावलंत तर उत्तमच. २०२७ आणि २०२८ चे घरचे सगळे सामने इथेच खेळा. २०२६ च्या त्या सहा सामन्यांबद्दल, सीझन तिकीटवाल्यांना पैसे परत हवेत की दुसरे सामने हवेत, हे त्यांना निवडू द्या. त्यांच्या वतीने तुम्ही ठरवू नका.

जून ते सप्टेंबरमधले रविवारचे सामने संध्याकाळी सहाच्या पुढे ठेवा. विमानाची अडचण असेल आणि ते जमत नसेल, तर सकाळी अकराच्या सुमारास सुरू करा. आम्ही नाश्ता करून येऊ. उघड्या खुर्च्यांवर आणि गवताच्या उतारावर उन्हाळ्यापुरतं तात्पुरतं कापडी छत ताणा, पाण्याचे फवारे लावा. प्रत्येक भागात थंड पाणी फुकट मिळावं आणि ते कुठे आहे हे लांबून दिसेल अशी पाटी असावी. हवामान खात्याने उष्णतेचा इशारा दिला असेल त्या दिवशी साठीच्या पुढच्यांना आणि लहान मुलांना तिकिटाची तारीख बदलून द्या.

एक भाग ठरलेल्या भावाचा ठेवा. समोर न्यूयॉर्क यांकीजसारखा मोठा संघ असो नाही तर आणखी कुणी, चार माणसांच्या कुटुंबाला भाव आधी कळला पाहिजे आणि शेवटपर्यंत तोच राहिला पाहिजे. खाण्याच्या खिडकीवर शाकाहारी काय आहे ते स्पष्ट लिहा. ही मागणी लहान वाटेल, पण दुसऱ्या इनिंगला रांगेत उभी राहिलेली बाई चौथ्या इनिंगला नुसते फ्राइज घेऊन परतते, तेव्हा ती लहान वाटत नाही.

आणि रणदिवे साहेबांकडे एक वेगळी मागणी. २०२८ नंतर या मैदानाचं काय, मेजर लीगमध्ये नवे संघ वाढतील तेव्हा सॅक्रामेंटोसाठी तुम्ही काय करणार आहात आणि त्यात आमच्याकडून काय अपेक्षा आहे, यावर उघड सभा घ्या. किंग्जच्या वेळी गावाला विश्वासात घेतलंत, तसंच याही वेळी घ्या.

ही सगळी उत्तरं नव्या मोसमातल्या इथल्या पहिल्या सामन्याआधी मिळावीत अशी विनंती आहे. इंग्रजीत दिलीत तरी चालतील. फक्त ती मला एकटीला ईमेलवर पाठवू नका. संघाच्या नावाने, सगळ्यांना वाचता येतील अशी द्या.

कळावे,

आपली,
फोल्सोमची एक सीझन तिकीटधारक